तालमीतली पोरं आणि कॅमेरा: किशोर पैलवानांवर माहितीपट कसा करावा

कोल्हापुरातल्या कुठल्याही तालमीत पहाटे पाचला कॅमेरा घेऊन जा. उडणारी लाल माती, घामानं चमकणाऱ्या पाठी, जोर मारणाऱ्या पोरांची रांग आणि मारुतीपुढची उदबत्ती पहिल्या दोन दिवसांत मिळून जाते. दिसायला हे सगळं देखणं असतं, पण ते प्रत्येकालाच मिळतं. आठवीतलं पोरगं घर सोडून इथं पथारी टाकून राहतं, बाप उसाच्या बिलातून त्याच्या खुराकाचे पैसे बाजूला काढतो, मार्चमध्ये परीक्षा आणि जत्रेतली कुस्ती एकाच आठवड्यात येते. त्या देखण्या चित्रांत यातलं काहीच नसतं. ते पाहिजे असेल तर एक पूर्ण हंगाम तिथं काढावा लागतो. पुढचं सगळं नियोजन त्या हिशेबानं मांडलं आहे. खेळ कबड्डी, मल्लखांब किंवा धावण्याचा असला तरी यातलं बरंचसं जसंच्या तसं लागू पडेल.

आधी वर्ष मांडा

तालमीचं वर्ष शाळेसारखंच जूनला सुरू होतं. नवी पोरं याच सुमारास ट्रंक आणि गादी घेऊन दाखल होतात. पावसाळ्यात मैदानं, म्हणजे गावातल्या जाहीर कुस्त्या, बंद, फक्त मेहनत. दिवाळीनंतर गावोगावची मैदानं सुरू होतात, चैत्रातल्या यात्रा-जत्रांत त्यांना ऊत येतो आणि मृगाच्या तोंडावर सगळं थंडावतं. म्हणून चित्रीकरण जून ते पुढचा जून असं धरा. रोज जायची गरज नाही, ५५ ते ६० दिवस पुरतात. साधारण वाटणी अशी: जून-जुलैत १५, गणपतीच्या आसपास ५, दिवाळीत मुलाच्या गावी ६, डिसेंबर ते फेब्रुवारी १२ आणि मार्च ते मे १८. शेवटच्या टप्प्याला सगळ्यात जास्त दिवस ठेवा, कारण मैदानाची तारीख ऐनवेळी सरकते आणि ठरलेली जोड बदलते.

जानेवारीत येऊन मेमध्ये जायचं, हे नवख्यांचं नेहमीचं गणित. त्यात कुस्त्या भरपूर मिळतात, पण मुलगा बदललेला दिसत नाही. जूनमधला त्याचा बारका चेहरा तुमच्याकडे नसेल तर मेमधली रुंद मान कोणाला काही सांगणार नाही.

पहिले तीन आठवडे कॅमेरा बॅगेतच

तालमीत आधी वस्तादांना भेटा, मग पोरांना. फोन करून परवानगी मिळाली तरी जाऊन बसा, चहा घ्या, दोन वेळच्या मेहनतीला नुसते हजर राहा. चपला बाहेर काढा. हौद्यात, म्हणजे कुस्तीच्या मातीच्या खड्ड्यात, विचारल्याशिवाय पाय टाकू नका. त्या मातीत ताक, हळद, तेल, लिंबू, कापूर घालून ती तयार केलेली असते आणि उतरण्याआधी पोरं तिच्या पाया पडतात. तिच्यावर ट्रायपॉड रोवणाऱ्याला नंतर कोणी काही बोलणार नाही, पण मनातून तो उतरलेला असेल. काही तालमींत बायकांनी हौद्याजवळ येऊ नये असा जुना दंडक अजून पाळतात. तुमच्या चमूत बाई असेल तर हे आधीच विचारून घ्या. पहिल्या दिवशी दारात वाद नको.

या तीन आठवड्यांत वहीत दिवसाचा नकाशा काढा. उठायची वेळ काय, माती कोण उकरतं, थंडाई कोण घोटतं, शाळेला कोण जातं आणि कोण नुसतं नावाला जातं, फोन कोणाकडे असतो, घरचा फोन किती वाजता येतो. कॅमेऱ्याला खरी कामाची यादी हीच. रात्री साडेआठला आईचा फोन येतो आणि पोरगा जिन्यात जाऊन बोलतो, हे कळलं की तुम्ही जिन्यापाशी असाल, हौद्यापाशी नाही.

या काळात डाव शिकून घ्या. पट, ढाक, घिस्सा, एकचाक, मोळी, लपेट, भारंदाज हे नुसतं नावांनी ओळखून भागणार नाही. कुठल्या पकडीनंतर कुठला डाव येऊ शकतो हे कळलं नाही तर कॅमेरा कायम अर्धा सेकंद मागे राहतो, आणि चितपट कुस्तीत तेवढा अर्धा सेकंदच असतो.

कोणाला निवडायचं

सुरुवातीला चार मुलं धरा, शेवटी फिल्ममध्ये दोन उरतील. एखादा डिसेंबरात दुखापतीनं घरी जातो, एखाद्याचा बाप तालीम बदलतो, एखादा कंटाळून पळून जातो. चौघं चार तऱ्हेचे हवेत. एक नुकता आलेला, एक तीन-चार वर्षं मुरलेला, एक चांगला खेळणारा पण घरची ओढाताण असलेला आणि एक असा, की ज्याला बहुधा कुस्ती सोडावी लागणार आहे. या चौथ्याला बहुतेक जण टाळतात. वस्ताद तर हमखास सांगतात, ‘त्याच्यात काय नाही, ह्याला घ्या.’ वस्तादांनी पुढे केलेला मुलगा जरूर घ्या, पण तो एकटा घेऊ नका.

कॅमेऱ्यासमोर फडाफडा बोलणाऱ्या मुलाचा मोह पडतो. बोलण्यापेक्षा हातांकडे बघा. ज्या मुलाकडे दिवसभर स्वतःची कामं आहेत, जो लहानांना डाव दाखवतो, चिडतो, रुसतो, त्याच्यावर फिल्म उभी राहते.

आणि एक नियम कागदावर लिहून भिंतीला लावा: हा मुलगा हंगामातली प्रत्येक कुस्ती हरला तरी ही फिल्म पूर्ण होते का? उत्तर ‘नाही’ असेल तर तुमची फिल्म इनामावर उभी आहे. मग तुम्ही नकळत त्याच्यावर जिंकण्याचं ओझं टाकाल. घरचं आणि वस्तादांचं ओझं त्याच्यावर आधीच आहे.

संमती

वस्तादांची सही म्हणजे पालकांची सही नव्हे. पोरं तालमीत राहतात म्हणून वस्तादच पालक, असं सगळे धरून चालतात आणि पुढे भांडणं होतात. मुलाच्या गावी जा, आई आणि वडील दोघांनाही बसवून समजावा. मुलांवरच्या लैंगिक अत्याचाराविरुद्धच्या २०१२ च्या पॉक्सो कायद्यात आणि २०२३ च्या डिजिटल वैयक्तिक विदा संरक्षण कायद्यातही १८ वर्षांखालची व्यक्ती बालकच आहे. दुसऱ्या कायद्यात पालकांची पडताळून पाहता येईल अशी संमती सांगितली आहे.

संमतीपत्र मराठीत, दोन पानांच्या आत आणि मोठ्या अक्षरात असावं. त्यात या गोष्टी हव्यात: फिल्म कशाबद्दल आहे, कुठे कुठे दाखवली जाईल (महोत्सव, दूरदर्शन, इंटरनेट हे वेगवेगळं लिहा), पैसे मिळाले तर कोणाला किती, काय अजिबात चित्रित करणार नाही, कुठल्या टप्प्यापर्यंत माघार घेता येईल आणि तक्रार असेल तर फोन कोणाला करायचा. वाचून दाखवा, वाचून दाखवतानाचा आवाज रेकॉर्ड करा आणि एक प्रत घरी ठेवा. ‘सर्व माध्यमांत, सर्व काळासाठी, संपूर्ण जगात’ असं इंग्रजी नमुन्यातून उचललेलं वाक्य गावातल्या घरात वाचून बघा. आईचा चेहरा बघितल्यावर ते वाक्य तुम्हीच खोडाल.

मुलाची संमती वेगळी घ्या आणि दर दोन महिन्यांनी पुन्हा विचारा, एकट्याला गाठून, वस्तादांच्या पाठीमागे. त्याला ‘नको’ म्हणायला एक खूण ठरवून द्या, उदाहरणार्थ तळहात समोर धरणे. खूण दिसली की कॅमेरा खाली, प्रश्न नाही. पहिल्या महिन्यात तो ती गंमत म्हणून चार वेळा वापरून बघेल. चारही वेळा कॅमेरा खाली ठेवा. त्यानंतरच त्याचा विश्वास बसतो.

प्रसंग मुद्दाम उभे करून घेत असाल, किंवा मुलाला कामाचे पैसे देत असाल, तर बालकामगार कायद्याचे नियम बघावे लागतात. १४ वर्षांखालच्या मुलाकडून कलाकार म्हणून काम घेताना जिल्हा दंडाधिकाऱ्यांची परवानगी लागते. दिवसाला ५ तासांपेक्षा जास्त आणि विश्रांतीशिवाय सलग ३ तासांपेक्षा जास्त काम घेता येत नाही. त्याच्या मिळकतीतला किमान २० टक्के भाग त्याच्या नावे मुदत ठेवीत जातो. नुसतं निरीक्षणाचं चित्रीकरण असलं तरी ही तासांची मर्यादा स्वतःला घालून घ्या. एकाच मुलामागे दिवसभर कॅमेरा असला की बाकीची पोरं त्याला ‘हिरो’ म्हणून डिवचायला लागतात, तेही टळतं.

पैशाचा प्रश्न येतोच. एकाच मुलाच्या खुराकाचा खर्च उचलू नका, तालमीत फूट पडते. द्यायचंच असेल तर चित्रीकरण संपल्यावर सगळ्या तालमीसाठी द्या: बदाम, मॅट, पाण्याची टाकी, जे वस्ताद आणि पोरं मिळून सांगतील ते.

लंगोटातली मुलं

हा मुद्दा संकोचानं टाळला जातो, म्हणून वेगळा. कुस्तीचा पोशाख लंगोट आहे आणि हौद्यात त्यात काही गैर नाही. पण तेच चित्र कापून, संदर्भाशिवाय इंटरनेटवर गेलं की कुठं पोचेल यावर तुमचा ताबा उरत नाही. म्हणून आंघोळ, कपडे बदलणं, मालीश आणि स्पर्धेतलं वजन घेणं चित्रित करायचंच नाही. कुस्ती सोडून इतर वेळी मुलगा कपड्यांत असेल तेव्हाच कॅमेरा काढा. पोस्टर, जाहिरातीची झलक, समाजमाध्यमांवरचे तुकडे यांत लहान मुलांचं लंगोटातलं चित्र वापरू नका. तिथं मातीचे हात, कान, चेहरा पुरतो. मुलींच्या केंद्रावर फिल्म करत असाल तर कॅमेरा किंवा आवाज यांपैकी एक काम बाईकडे असलंच पाहिजे आणि खोल्यांकडे पुरुष सहकाऱ्यानं जायचं नाही.

मारहाण दिसली तर काय करायचं हे आधी ठरवा, तेव्हा नव्हे. शिस्तीचा एखादा रट्टा आणि छळ यांतला फरक त्या क्षणी कळत नाही. कॅमेरा थांबवून मध्ये पडायचं, त्याच दिवशी तारीखवार नोंद करायची, पालकांशी बोलायचं आणि गरज पडली तर चाइल्डलाइनच्या १०९८ क्रमांकावर कळवायचं. लैंगिक अत्याचाराची माहिती मिळाली तर मात्र निवडीचा प्रश्नच नाही. पॉक्सोच्या कलम १९ नुसार पोलिसांना कळवणं ज्याला माहिती आहे त्या प्रत्येकावर बंधनकारक आहे, आणि फिल्मवाला त्याला अपवाद नाही.

कॅमेरा आणि उजेड

दोन माणसांचा चमू पुरे: एक कॅमेऱ्यावर, एक आवाजावर. तिसरा माणूस आला की तालीम ‘शूटिंग’ बघायला लागते.

तालमीत उजेड कमी आणि तोही ट्यूबलाइटचा. आपल्याकडची वीज ५० हर्ट्झची, म्हणजे जुनी ट्यूब सेकंदाला १०० वेळा मिणमिणते. कॅमेरा सेकंदाला २५ चौकटी (फ्रेम) आणि शटर १/५० वर ठेवा. ५० किंवा १०० चौकटींवर संथगती घ्यायची असेल तर शटर १/१००. १/६० किंवा १/२०० ठेवलंत तर चित्रात काळपट पट्टे सरकतात आणि ते संकलनात नीट निघत नाहीत. परदेशी व्हिडिओ बघून २४ चौकटी आणि १/४८ ठेवणाऱ्यांची अख्खी पहाट अशीच वाया जाते.

रंगाचं संतुलन आपोआपवर सोडू नका. लाल माती चौकटीत जास्त आली की कॅमेरा तिला फिकी करायला जातो आणि पोरांचे चेहरे निळसर पडतात. हौद्याच्या काठावर करडं कार्ड धरून संतुलन ठरवा आणि उजाडल्यावर दारातून दिवसाचा उजेड आला की पुन्हा ठरवा.

मोठ्या छिद्राची दोन भिंगं लागतील: ३५ मिलिमीटर एफ १.८ हे मुख्य, ८५ मिलिमीटर चेहऱ्यांसाठी. भिंग बदलायचं ते तालमीबाहेर, पाठ वाऱ्याकडे करून. माती अगदी बारीक आणि तेलकट असते. सेन्सरवर बसली की हवेच्या फुग्यानं जात नाही. पुढे साधा संरक्षक फिल्टर कायम, आणि रोज संध्याकाळी आधी फुग्यानं माती उडवायची, मग कापड लावायचं. उलटं केलंत तर काचेवर ओरखडे.

कॅमेऱ्याची उंची हौद्याच्या काठाइतकी ठेवा, म्हणजे गुडघ्याखाली. उभ्यानं घेतलेली कुस्ती वरून बघितल्यासारखी दिसते आणि वजन जाणवत नाही. काठापासून निदान पाच फूट मागे बसा. ढाक लागली की माणूस काठाबाहेर येतो.

साठवणीचा हिशेब आधी करा. सेकंदाला १०० मेगाबिटच्या नोंदणीला तासाला सुमारे ४५ गिगाबाइट लागतात. ५६ दिवस, रोज सरासरी दोन तास, म्हणजे ५ टेराबाइटच्या आसपास. ८ टेराबाइटच्या दोन डिस्क, दोन वेगळ्या घरांत, आणि तिसरी प्रत निवडक भागाची. दोन प्रती तपासून झाल्याशिवाय कार्ड पुसायचं नाही.

आवाज

पैलवानाच्या अंगावर माइक लावता येत नाही. उघडं अंग, घाम, आणि पकडीत इजा व्हायची भीती. छोटा वायरलेस माइक वस्तादांच्या सदऱ्याला लावा. त्यांच्या सूचना, हुंकार आणि शिव्या हाच सरावाचा खरा मजकूर असतो. दांडीवरचा दिशादर्शी माइक हौद्याच्या कोपऱ्यावरून, खाली मातीच्या दिशेनं धरा. पत्र्याच्या छपराकडे वळला तर सगळा घुमारा येतो. ४८ किलोहर्ट्झ, २४ बिट, आवाजाचे शेंडे उणे १२ डेसिबलपाशी.

मैदानात हलगी आणि घुमकं एकदम सुरू होतं आणि हा हिशेब कोलमडतो. दुसऱ्या मार्गिकेवर तोच आवाज १० डेसिबल कमी करून नोंदवा, किंवा ३२ बिट फ्लोटचा रेकॉर्डर वापरा. आणखी एक खाच म्हणजे कर्ण्यावर वाजणारी सिनेमाची गाणी. मुलाच्या बोलण्यामागे गाणं आलं की ते वेगळं काढता येत नाही आणि हक्क विकत घ्यायला जमत नाही. तालमीतल्या मोबाइलचंही तेच. ‘गाणं जरा बंद करतोस का’ एवढंच सांगा, पोरं ऐकतात.

मैदानाचा दिवस

यात्रा समितीची परवानगी आठवडाभर आधी, आणि सकाळी पंच व निवेदकांना भेटून कुठे उभं राहणार ते सांगा. लहान मुलांच्या कुस्त्या दुपारी पहिल्यांदा लागतात. त्यांची जोड आखाड्यातच उंची-अंगलट बघून जुळवतात, म्हणजे आपल्या मुलाची कुस्ती नेमकी कधी हे कोणालाच माहीत नसतं. दोन वाजल्यापासून तयार राहा, बॅटऱ्या चार न्या.

इथं दुसरा कॅमेरा लागतो. तो उंचावर, ट्रायपॉडवर, अख्खा आखाडा दिसेल असा, आणि सलामीपासून निकालापर्यंत न थांबवता. खडाखडीतच, म्हणजे सुरुवातीच्या झटापटीतच, पट निघून कुस्ती दहा सेकंदांत संपू शकते. त्या वेळी हातातल्या कॅमेऱ्यासमोर पंचांची पाठ असेल, तर हाच कॅमेरा वाचवतो. कोल्हापूरचं खासबाग मैदान शाहू महाराजांच्या काळात, १९१२ साली, खोलगट वाडग्यासारखं बांधलं गेलं. तिथं कुठूनही कुस्ती दिसते, त्यामुळे दुसरा कॅमेरा गर्दीतही बसतो. सपाट शेतातल्या मैदानात मात्र ट्रॅक्टरची ट्रॉली शोधावी लागते. हातातला कॅमेरा कुस्तीपेक्षा बापावर ठेवा, निदान निम्मा वेळ.

मॅटवरच्या स्पर्धेचं गणित वेगळं. १५ आणि १७ वर्षांखालच्या गटात दोन-दोन मिनिटांच्या दोन फेऱ्या, मध्ये ३० सेकंद. फ्रीस्टाइलमध्ये १० गुणांची आघाडी झाली की तिथंच संपलं. गुणफलक चौकटीत कुठे येतो ते आधी बघा, नाहीतर प्रेक्षकाला कोण पुढे आहे तेच कळत नाही. मातीत वाढलेला मुलगा मॅटवर पहिल्यांदा चाचपडतो, पाय वेगळे पडतात. हा फरक दाखवायला निवेदनाची गरज नाही, दोन्हीकडचे पाय जवळून घ्या.

हरलेल्या मुलाकडे लगेच जाऊ नका. दहा मिनिटं लांबूनच. आधी त्याला पाणी, मग वस्ताद, मग त्याचे दोस्त, मग तुम्ही. दुखापत झाली तर दोन पावलं मागे आणि चेहऱ्याचा जवळचा शॉट नाही. तो शॉट वापरायचा का, हे तो बरा झाल्यावर त्यालाच विचारायचं.

बोलतं करणं

‘मोठेपणी काय होणार?’ विचारलंत की ‘महाराष्ट्र केसरी’ किंवा ‘ऑलिम्पिक’ हेच येणार. गोळेश्वरच्या खाशाबा जाधवांनी १९५२ मध्ये हेलसिंकीला कांस्यपदक आणलं, त्यांचा फोटो भिंतीवर असतो आणि उत्तर पाठ असतं. त्यात खोटं काही नाही, पण फिल्मला उपयोग नाही. त्याऐवजी छोटं विचारा: काल रात्री काय जेवलास, ट्रंकेत काय काय आहे, सगळ्यात आधी कोणाला हरवलंस, घरी गेल्यावर कुठे झोपतोस. बदाम सोलताना, माती उकरल्यावर हात धुताना, जमिनीवर त्याच्या शेजारी बसून. वस्ताद ऐकू येण्याच्या अंतरावर असतील तर मुलाखत करूच नका. तेव्हा मिळतात ती वस्तादांचीच वाक्यं.

महत्त्वाचं बोलणं नुसत्या आवाजावर घ्या, कॅमेरा बंद करून. रात्री दिवे गेल्यावर पंधरा-वीस मिनिटं. चित्राशिवाय पोरं फार मोकळी होतात आणि तोच आवाज पुढे कुठल्याही दृश्यावर बसतो. त्यांचं ‘व्हय’, ‘न्हाई’, ‘आलतो’, ‘गेलतो’ तसंच राहू द्या. प्रमाण मराठीत पुन्हा बोलायला लावलं की मुलगा शाळेत उभा राहिल्यासारखा होतो. मराठवाड्यातून, सोलापूरकडून आलेल्या मुलांची बोली वर्षभरात कोल्हापुरी होत जाते, ते आपोआप नोंदलं जाईल.

वयाबद्दल सावध राहा. वयोगटाच्या खेळात जन्मतारखेचे वाद असतात. आधार कार्ड, दाखला, शाळेचं ओळखपत्र पडद्यावर दिसता कामा नये, आणि नावाखाली ‘वय १३’ लिहिण्यापेक्षा ‘आठवीत’ लिहिलेलं बरं. गावाचं नाव द्यायचं की नुसता तालुका, हे पालक ठरवतील.

संकलन आणि पहिला खेळ

रोजच्या रोज नोंद ठेवली नसेल तर ११० तासांचं साहित्य डोक्यावर बसतं. प्रत्येक दिवसासाठी एक पान: तारीख, कोण, काय घडलं, वापरण्यासारखे तीन क्षण. सगळं बोलणं उतरवून काढा, त्या कागदांवरून क्रम लावा आणि मगच संगणकावर बसा. पहिली जुळणी चार तासांची येईल. ती ७५ मिनिटांवर आणताना सगळ्यात आधी संथगतीतली माती काढा. एक ठेवा, बाकीची काढा.

अंतिम करण्याआधी फिल्म मुलाला आणि घरच्यांना दाखवा, तालमीत सगळ्यांसमोर दाखवायच्या आधी. आवडली का हे विचारू नका. कुठल्या जागी शाळेत किंवा गावात त्रास होईल, ते विचारा. अशी जागा सापडली तर कापा. वस्तादांनाही दाखवा, पण त्यांना चुका दुरुस्त करायचा हक्क, दृश्य काढायचा नाही, आणि हे जूनमध्येच बोलून ठेवलेलं असावं.

चित्रपटगृहात दाखवायची असेल तर सेन्सॉरचं प्रमाणपत्र माहितीपटालाही लागतं. तालमीतला खेळ मात्र हंगाम नसताना, जुलैत लावा, भिंतीवर पांढरा कपडा टाकून. हौद्याच्या काठावर नवी आलेली पोरं बसलेली असतील. फिल्ममधला मुलगा १८ वर्षांचा झाला की त्याच्याकडून स्वतःच्या सहीनं संमती पुन्हा घ्या. ती तारीख आजच दिनदर्शिकेत टाकून ठेवा.